बोटभर मिश्री

आमच्या घरात कुणालाही व्यसन नाही, हे मी त्या काळात ज्याला त्याला सांगत सुटायची. मालक फौजेत. सुट्टीवर येताना कॅन्टीनची बाटली आणायचे, पण ती पाव्हण्यारावळ्यांना द्यायला. स्वतः थेंब घ्यायचे नाहीत. थोरला पोरगा अकरावीला होता, त्याच्या शर्टाचे खिसे मी धुवायच्या निमित्तानं उलटे करून बघायची. नव्वदच्या पुढची सालं ती. गुटख्याच्या पुड्यांच्या माळा तेव्हा पानपट्टीपासून किराणा दुकानापर्यंत सगळीकडं लोंबायला लागल्या होत्या, शाळेच्या फाटकासमोरसुद्धा. मिसरूड न फुटलेली पोरं गाल फुगवून बोलायची. बोलायची म्हणजे काय, नुसती हूं हूं करायची, तोंड भरलेलं असल्यावर बोलणार काय. मला त्याची धास्ती. पोरगं संध्याकाळी घरी आलं की आधी त्याला काहीतरी लांबलचक विचारायचं आणि ते नीट तोंड उघडून बोलतंय का बघायचं. बिचारं बोलायचं. त्याला कधी कळलं नाही की आई रोज त्याच त्याच परीक्षेबद्दल का विचारती.

आणि हे सगळं करताना माझ्या कनवटीला मिश्रीची डबी असायची.

आमच्या वयाच्या बायकांना मिश्री काय ते सांगायला नको, पण आता माझ्या नातीलाच ठाऊक नाही, म्हणून लिहिते. बाजारातून तंबाखूचा जाड पाला आणायचा. लोखंडी तव्यावर काळाकुट्ट होईपर्यंत भाजायचा. भाजताना असा खाट उठतो की शेजारच्या तीन घरांतली माणसं खोकत बाहेर येतात. मग कुटायचा, धोतराच्या फडक्यातून गाळायचा आणि डबीत भरायचा. सकाळी उठल्या उठल्या बोटावर घेऊन दातांना लावायची. दात घासायला किती वेळ लागतो? दोन मिनिटं. मिश्री अर्धा तास चालते. ती तोंडात धरून बायका अंगण झाडतात, धारा काढतात, भांडतातसुद्धा. जेवल्यावर एकदा, चारच्या चहाआधी एकदा, अंथरुणाला पाठ टेकायच्या आधी एकदा. दिवसातून चार वेळा दात घासणाऱ्या बायका जगात दुसरीकडं कुठं नसतील. आणि याला व्यसन कुणी म्हणत नव्हतं. तंबाखू खाणं वेगळं, ते गडीमाणसांचं. मिश्री म्हणजे स्वच्छता. सोयरीक जमवताना नवरा मुलगा निर्व्यसनी आहे का, हे खोदून खोदून विचारायचे. मुलीचं कोण विचारतंय?

माझं माहेर कवठे महांकाळच्या अंगाचं, सासर लोणंदजवळ. माहेरचं पाणी कमी, सासरी कालवा, सगळं निराळं, पण मिश्री दोन्हीकडं एकच.

तर माझी लेक. ती तिसरीत असताना तिची दाढ किडली. गालाला ही एवढी सूज. दातांचा डॉक्टर लांब, आणि कांद्याची काढणी चालू. मी तिला मांडीवर घेतलं, माझ्या डबीतली बोटभर मिश्री त्या दाढेवर दाबून धरली. पोर पहिल्यांदा ओकली, चक्कर आली तिला. मग गप झाली आणि झोपली. "बघा, कसा उतार पडला," असं मी सासूबाईंना कौतुकानं सांगितलं. रोज लावली की कीड मरते, असं सगळ्याच म्हणत. मी रोज लावली. पुढं ती आपली आपण लावायला लागली. पहाटे मी परसात बसलेली, ती येऊन शेजारी बसायची, तळहात पुढं करायची, मी डबी उघडून तिच्या हातावर थोडी टाकायची. दोघी गप्प बसून दात घासायचो. खरं सांगते, मला ती वेळ फार आवडायची. लेक मोठी झाली, आपल्यासारखी झाली, असं वाटायचं.

ती नववीत असताना शाळेत गुटख्यावरनं पालकांची सभा झाली. मुख्याध्यापकांनी पोरांच्या दप्तरांतनं काढलेल्या पुड्या टेबलावर ओतून ठेवल्या होत्या. ढीग बघून बायका चुकचुकल्या. सर म्हणाले, "माता-भगिनींपैकी कुणाला बोलायचं असेल तर बोला." कुणी उठेना, मी उठले. मला बोलायला काय, निमित्त पाहिजे. मी म्हणाले, "पोरांना नावं ठेवताय, पण पुडी इकतं कोण? त्यांच्या हातात देतं कोण? देणाऱ्याला आधी उभा करा हितं!" टाळ्या पडल्या. लेक मुलींच्या रांगेत बसली होती, तिची मान ताठ झालेली मला दिसली.

पण सभा काही संपेना. सरांच्या मागनं सरपंच, सरपंचांच्या मागनं आणखी कोण. चार वाजून गेले. आम्ही बायका चुळबुळ करायला लागलो. कुणी पदर सारखा करतंय, कुणी जांभई देतंय, शेजारीण माझ्या कानात म्हणाली, "आवं, ह्यास्नी घरी चूल न्हाई व्हय? डोस्कं उठलं माजं." आम्ही दोघी उठलो, शाळेच्या पाण्याच्या टाकीमागं गेलो. मी डबी काढते न काढते तोच लेक मागनं आली. तळहात पुढं.

"आई, दे की थोडी. लय जांभया येत्यात."

मी दिली. तिघींनी टाकीमागं उभं राहून दात घासले, चुळा भरल्या आणि आत येऊन बसलो. मग शपथ झाली. सगळ्यांनी उजवा हात पुढं करून, मी कोणतंही व्यसन करणार नाही आणि दुसऱ्याला करू देणार नाही. मी सगळ्यात मोठ्यांदा म्हटली. त्या वेळी माझ्या मनात काही आलं असेल म्हणाल तर नाही. काहीही आलं नाही. आता आठवलं की मी बसल्या जागची उठून दुसरीकडं जाऊन बसते.

त्याच वर्षी ती खो-खोत चमकली. पळती करायला लागली की दोन-तीन मिनिटं कुणाच्या हाती लागायची नाही, अशी वाकायची की पाठलाग करणारी पोरगी भुईवर आणि ही खांबापलीकडं. सांगलीला निवड शिबिर होतं, आठवडाभराचं, तीन जिल्ह्यांच्या मुली येणार. शेवटच्या दिवशी सामने खेळवून त्यातनं संघ निवडणार. आमच्या गावातनं एकटीला बोलावणं आलं. खेळाच्या बाई घरी येऊन सांगून गेल्या की निवड झाली तर पुढं शिष्यवृत्ती आहे, पोलिसात, रेल्वेत खेळाडूंना जागा असतात. लेकीला पोलिसात जायचं होतं. तिच्यापुढं दुसरा रस्ता असा नव्हता. दहावी झाली की तिचे काका स्थळं बघायला घेणार, हे तिला माहीत होतं, मलाही.

मी तिची पिशवी भरली. चटणी, दशम्या, लाडू. ती म्हणाली, "मिश्रीची पुडी बांध."

"खुळी का काय तू? तिथं शेरातल्या पोरी असणार. हसतील. आठ दिस बिनमिश्रीची ऱ्हा, काय मरत न्हाईस."

असं मी सहज म्हणाले, कंगवा राहिला तर राहू दे म्हणावं तसं.

पाचव्या दिवशी गावातल्या फोनच्या दुकानावर निरोप आला. शिबिरातनं खेळाच्या बाई बोलत होत्या, तिथला एक गट त्यांच्याकडंच होता. "तुमची मुलगी जेवत नाही. रडते, मुलींवर ओरडते. डोकं दुखतं म्हणते. घरी पाठवा म्हणून मागं लागली आहे. घरची आठवण येत असेल. एकदा येऊन भेटा, नाहीतर निवड हातची जाईल."

मी दुसऱ्या दिवशी सकाळची पॅसेंजर धरली. लोणंदपासून सांगलीपर्यंत मला एका जागी बसवेना. खिडकीशी बसले, दाराशी उभी राहिले, परत बसले. समोरची म्हातारी म्हणाली, "बाय, पोट दुखतंय का तुजं?" काय काय मनात येत होतं. कुणी काही केलं का पोरीला? कुठं काही भलतं? दोन स्टेशनं गेली की मी डबी काढायची, बोट फिरवायची, खिडकीतनं थुंकायची. मिश्री लावली की जरा जीव थाऱ्यावर यायचा, थोड्या वेळानं पुन्हा तेच. सांगलीत उतरेपर्यंत डबी अर्धी झाली होती.

शिबिराच्या मुली एका शाळेत उतरल्या होत्या. बाकं भिंतीला सरकवून वर्गातच अंथरुणं. लेक कोपऱ्यात बसली होती. डोळे सुजलेले, ओठ चावून चावून फोडलेला. मला बघून धावत आली. मला वाटलं आता गळ्यात पडणार. तिनं माझा दंड धरला, इकडंतिकडं बघितलं, आणि पहिला शब्द बोलली तो हा:

"आणलीस का?"

आमचे एक चुलत दीर होते. दारू पिऊन पिऊन वाया गेलेले. सकाळी दुकान उघडायच्या आधी ते पायरीवर बसायचे आणि येणाऱ्या-जाणाऱ्याकडं जसं बघायचे, तसं माझी पोरगी माझ्या कमरेकडं बघत होती. चेहऱ्याकडं नव्हे.

मी म्हणाले, "आगं, तुला झालंय तरी काय?"

"मला झोप येत न्हाई आई. हात असं करत्यात बघ." तिनं हात पुढं धरले. बोटं थरथरत होती. "डोस्कं फुटायला लागलंय. पाच दिस झालं, परसाकडंला झालं न्हाई. पोट दगडावानी. काल पळताना डोळ्यापुढं अंधार आला, पयल्याच मिंटाला बाद झाले. एक पोरगी फिदीफिदी हसली तर मी तिच्या झिंज्या धरल्या. बाईंनी उनात उभी केली."

"बाईंना सांगितलंस?"

"काय सांगू? मिश्री पायजे म्हणून?"

एवढं ऐकल्यावर माणसाच्या डोक्यात लख्ख उजेड पडायला पाहिजे. पडलाही असेल. पण बाहेर शिट्टी वाजली. बाई दारात येऊन म्हणाल्या, "चल, तुझ्या गटाचा सामना लावला आहे. आज नीट खेळलीस तर उद्याच्या शेवटच्या सामन्यात घेते, नाहीतर मला तुला आईबरोबर पाठवावं लागेल." पोरीनं माझ्याकडं बघितलं. मला पोलिसाची वर्दी दिसत होती, तिचे काका दिसत होते, आणि तिची थरथरणारी बोटं दिसत होती. मी म्हणाले, "बाई, तोंड धुऊन आणते हिचं."

शाळेच्या मागं भिंतीला लागून एक मोरी होती. तिथं नेलं आणि माझ्या हातानं दिली. बोटभर नव्हे, चांगली दोन बोटं.

काय खेळली म्हणून सांगू! पाऊल जमिनीला लागतंय का नाही कळत नव्हतं. पूर्ण डाव बाद झाली नाही. मैदानाच्या कडेला उभ्या असलेल्या मुली ओरडत होत्या, जिच्या झिंज्या धरल्या होत्या ती पण. बाई माझ्याजवळ येऊन म्हणाल्या, "बघा, आईला बघितल्यावर पोरीत कसा जीव आला. आईची मायाच वेगळी." मी हसले. हसताना तोंड मिटूनच ठेवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सामन्याआधी मी परत गेले, परत दिली. संध्याकाळी संघ जाहीर झाला. तिचं नाव होतं. स्पर्धा महिन्यानंतर.

त्या दोन दिवसांत मी सांगलीजवळच कुपवाडला धाकट्या बहिणीकडं उतरले होते. तिचे मालक तिथं कारखान्यात. तिला मी सगळं सांगितलं, रडतच सांगितलं. ती भाकरी थापत होती, तोंडात मिश्री.

"आक्का, तुजं आपलं कायतरीच. हितं शेडवरची बारकी पोरं कामावर येताना पुड्या तोंडात टाकून येत्यात. पगाराच्या दिशी गुत्त्यावर निम्मी आडवी. त्यांच्या आयांनी रडावं. तू मिश्रीसाठी रडतीस? मिश्रीनं कोण मेलंय का?"

"आगं, तिचं हात थरथरत होतं."

"मग? तुजं न्हाईत थरथरत? सकाळी डबी गावली न्हाई तर तू घर डोक्यावर घेतीस. आईबी घ्यायची." आणि हसली. तिचे दात माझ्यासारखेच, कडेनं काळे. हसता हसता ती चूळ भरायला उठली.

परतीच्या गाडीत मी लेकीला म्हणाले, "आता ही बंद करायची."

ती म्हणाली, "तू पण?"

"मी पण. दोघी सोडू." स्पर्धेला तिला दहा दिवस बाहेर राहायचं होतं. तिथं मी मोरीमागं उभी असणार नव्हते, आणि असले तरी किती दिवस उभी राहणार? पोलिसात गेली तरी डबी घेऊन मागं मागं हिंडायचं का?

घरी आल्यावर मी कनवटीची आणि घरातली साठ्याची, अशा दोन्ही डब्या शेणाच्या उकिरड्यात रिकाम्या केल्या. तो महिना मला आजही विसरता येत नाही. पहिले चार दिवस घरातलं एक भांडं शांत बसलं नाही. घासलेली भांडी मी पुन्हा घासायची. शेतात जायची, बांधापर्यंत पोचायची, कशाला आले ते आठवायचं नाही, परत फिरायची. लवंग चघळली, मीठ लावलं, कडुलिंबाची काडी चावली. तोंडाला कशानंच बरं वाटेना. जीभ सारखी हिरडीवरनं फिरायची, काहीतरी हरवल्यासारखी. सासूबाई म्हणाल्या, "काय घुसलंय तुमच्या दोघींच्यात? घरात पाय ठिवायचं भ्या वाटायला लागलंया." त्या त्यांची त्यांची लावत बसायच्या, आणि तो वास आला की आम्ही दोघी एकदम माना वळवायचो.

लेक वह्या फाडायची, भावाशी भांडायची, मग मैदानावर जाऊन अंधार पडेस्तोवर पळायची. मी तिला सकाळी गरम पाणी द्यायची, रात्री भिजवलेल्या मनुका द्यायची. एका सकाळी ती परसातनं हसत आली आणि म्हणाली, "झालं!" आम्ही दोघी अशा हसलो की पोरगं बाहेर येऊन विचारायला लागलं, काय झालं, काय झालं. त्याला काय सांगणार?

हे सगळं छान चाललं होतं असं वाटत असेल, तर खरं पुढं आहे. सहाव्या दिवशी मी मोडले. ती नव्हे, मी. सासूबाईंच्या डबीतनं चिमूट घेतली आणि गोठ्यामागं जाऊन लावली. फक्त आजच्या दिवस, असं म्हणत. दुसऱ्या दिवशी परत फक्त आजच्या दिवस. मग बाजारातनं पाला आणायला नको म्हणून तयार मिश्रीची पुडी आणली, नवी डबी केली आणि ती वैरणीच्या भाऱ्यात लपवली. पोराचे खिसे तपासणारी बाई मी, वैरणीत हात घालून डबी शोधायची आणि पाऊल वाजलं की तोंड पुसायची.

आठ-दहा दिवसांनी तिनं मला धरलं. शाळेतनं लवकर आली होती. मी गोठ्यामागं, बोट तोंडात. तिनं दप्तर खाली टाकलं. जवळ आली, माझ्या शेजारी उकिडवी बसली आणि तळहात पुढं केला.

"मला पण दे."

मी म्हणाले, "न्हाई."

"दे की."

"न्हाई द्यायची."

"तवा दिलीस की! मोरीमागं दिलीस! तवा बरं दिलीस? आता तू खायाची आणि मी बघायचं?" तिचा आवाज चढत गेला. "तिसरीत असताना मी मागितली व्हती का? मी मागितली व्हती, आई? तूच घातलीस तोंडात!"

मला बोलता येत नाही असं सहसा होत नाही. त्या वेळी झालं. तोंडात मिश्री होती, गिळता येईना, थुंकता येईना. मी डबी मुठीत दाबून धरली, एवढंच केलं. ती बघत राहिली. मग उठली आणि गेली. चार दिवस माझ्याशी बोलली नाही. त्या चार दिवसांत तिनं घेतली असेल का कुठं? सासूबाईंची डबी कोनाड्यातच असायची. मी चोरून त्या डबीत बघायची, कमी झालीय का. पण त्यातनं मीही घेत होते, मग कळणार कसं?

स्पर्धेला आईवडिलांनी यावं, असं बाईंनी सांगितलं होतं. मालकांना सुट्टी मिळाली नाही. लेक आता बोलायला लागली होती, तिनं विचारलं, "तू येणार न्हवं?"

मी म्हणाले, "न्हाई यायची मी."

"का?"

"माझ्याजवळ असली तर मी दीन तुला. तू नुसतं बघितलंस तरी दीन. मला म्हाईत हाय."

तिनं चपला घातल्या. पिशवी उचलली आणि बाईंच्या मागनं गेली.

ते दहा दिवस मी कसे काढले ते मलाच माहीत. फोनच्या दुकानावर रोज दोन चकरा. दुकानदार म्हणायचा, "काकू, फोन आला तर मी पोरगं पाठवीन की." मला घरात थांबवायचंच नाही. पहिल्या वेळी पाचव्या दिवशी निरोप आला होता, म्हणून पाचव्या दिवशी मी सकाळपासून त्याच्या बाकड्यावर जाऊन बसले. फोन वाजला की उठून उभी. माझा एकही नव्हता. सहावा गेला, सातवा गेला. निरोप नाही म्हणजे बरं चाललंय, का तिनं तिथं कुणाकडनं तरी मिळवलीय? शहरात काय, पानपट्टीवर तयार पुडी मिळते. माझ्या मनाला दोन्हीकडनं टोचणी.

ती आली दुपारची. संघ तिसऱ्या फेरीत हरला होता. ती मात्र चांगली खेळली, बाईंनी तिचं नाव पुढच्या शिबिरासाठी पाठवलं होतं. हे तिनं दोन वाक्यांत सांगितलं, वाटीभर दही-भात खाल्ला आणि सोप्यात आडवी झाली. लगेच डोळा लागला. मी तिची पिशवी ओढून घेतली. मळके कपडे काढायचे असं स्वतःला सांगून. कपडे काढले, मोजे उलटे केले, कंपास उघडली, पिशवीच्या तळाची शिवण चाचपली.

"न्हाई गावायची," ती म्हणाली.

ती जागी होती. डोळे उघडे, माझ्याकडं बघत.

"मी आपलं धुण्याला..."

"आई." ती उठून बसली. रागावली नव्हती, ते जास्त लागलं. "तिसऱ्या दिशी लय झालं व्हतं. एका पोरीकडं व्हती. मी मागितली न्हाई. का ते मला ठाव न्हाई, पण न्हाई मागितली." तिनं पिशवी आपल्याकडं ओढली. "तुजी कुठं हाय?"

मी मोजे परत सुलटे करायला लागले.

"वैरणीत का अजून?"

"कनवटीला."

"दे हिकडं."

"तुझ्याजवळ?"

"मग कुणाजवळ? आजीजवळ? मी दीन तुला. सकाळी एकदा. पुढच्या आठवड्यात त्याच्या निम्मी. तू मागितलीस तरी न्हाई द्यायची मी."

आता सांगा, काय करायचं? महिन्याभरापूर्वी जिचे हात थरथरत होते, तिच्या हातात डबी द्यायची? आणि नाही द्यायची तर आता तिची पिशवी मी कशी उपसली ते तिनं बघितलं होतं. माझा हात कमरेला गेला आणि तिथंच राहिला. ती वाट बघत होती. बाहेर कोंबड्या उकरत होत्या, त्यांच्याकडं बघत राहिली.

मी दिली.

त्या रात्री मला झोप लागली असेल तर शपथ. एकतर डबी नाही म्हणून, आणि दुसरं, ती तिच्या उशाला आहे म्हणून. दोन्हीतलं कुठलं जास्त होतं, ते आजही सांगता येत नाही. उठून बघावं असं चारदा वाटलं, उठले नाही.

सकाळी मी परसात बसले. ती आली, डबी उघडली. मी तळहात पुढं केला. तिनं माझ्या हातावर नखभर टाकली, मोजून नखभर, झाकण घट्ट लावलं. मग हौदावर गेली, साबण घेतला, हात धुतले. हातांचा वास घेऊन बघितला आणि परत धुतले. वेणी घातली आणि पळायला गेली.